नाद, नाम आणि ब्रह्मविद्या : ध्वनीने सृष्टी घडते काय?

विषयप्रवेश

ध्वनीच्या ठिकाणी वस्तू घडविण्याचे सामर्थ्य आहे, हा विचार फार प्राचीन आहे आणि तितकाच मोहकही आहे. अमुक अक्षर अमुक स्वरात, अमुक संख्येने उच्चारले असता रोग हटतो, धन लाभते, मनात योजिलेली गोष्ट प्रत्यक्षात उतरते, असे सांगणारी पुस्तके आज सर्वत्र वाचली जातात. आपल्या वासनिक कुटुंबांतही ती पोहोचली आहेत, आणि त्यांच्या वाचनाने साधकाच्या मनात एक शंका सहजच उत्पन्न होते. आपणही नामस्मरण करतो, सूत्रपाठ मुखोद्गत करतो. तर मग आपले नाम हाही असाच एक प्रभावी ध्वनी समजावा काय?

शंका वरवर साधी दिसते. परंतु तिच्या उत्तरावर पुष्कळ काही अवलंबून आहे. नामाचे सामर्थ्य त्याच्या ध्वनीत आहे असे एकदा मानले, म्हणजे ज्याची जीभ जड आहे, ज्याला जन्मतः वाचा नाही, किंवा पक्षाघाताने ज्याची वाचा गेली आहे, त्याच्यापुरता उद्धाराचा मार्ग बंद झाला असे म्हणावे लागेल. म्हणून हा विषय केवळ पांडित्याचा नाही. आपल्या घरातील एखाद्या वृद्ध आईला अखेरच्या दिवसांत आपण काय सांगणार, असा हा प्रश्न आहे. प्रस्तुत लेखात प्रथम पूर्वपक्ष मांडून नंतर शास्त्रानुसार त्याचा विचार करू.

पूर्वपक्ष

नादवादी म्हणतो : सर्व जग शब्दापासून झाले आहे. भर्तृहरीने ‘वाक्यपदीय’ या ग्रंथाच्या आरंभीच शब्दतत्त्वाला ब्रह्म मानून जगाची प्रक्रिया त्यापासूनच सांगितली आहे. पाणिनीय परंपरेतील चौदा माहेश्वर सूत्रे महादेवाच्या डमरूतून निघाली असे मानतात, आणि ‘नन्दिकेश्वरकाशिका’ या छोट्या ग्रंथात त्याच वर्णक्रमाचा अर्थ सृष्टीच्या उत्पत्तिक्रमाने लावलेला आहे. मीमांसकांनी तर शब्द नित्य मानला. तंत्रमार्गात वर्णांना ‘मातृका’ म्हणजे माता म्हटले आहे.

आपल्या पक्षाच्या पुष्टीसाठी नादवादी वृत्राची प्रसिद्ध कथाही पुढे करतो. इंद्राचा वध करील असा पुत्र व्हावा म्हणून त्वष्ट्याने यज्ञ केला. परंतु ‘इन्द्रशत्रु’ या एकाच पदातील स्वर चुकला, आणि जो इंद्राला मारणारा व्हावयाचा तो इंद्राकडून मारला जाणारा झाला. स्वर चुकताच फळ उलटले. तेव्हा फळ देणारा तो ध्वनीच, असा नादवाद्याचा निष्कर्ष आहे.

पूर्वपक्ष बलवान आहे. त्याची थट्टा करून तो खोडता येणार नाही.

सर्वत्र आढळणारा विचार

हा विचार केवळ आपल्याच देशात आहे असेही नाही. यहुदी धर्मीयांच्या गूढविद्येत ‘सेफेर यत्झिरा’ म्हणजे ‘घडणीचे पुस्तक’ या नावाचा एक अगदी लहान हिब्रू ग्रंथ आहे. त्याचा कर्ता अज्ञात आहे. परंपरा मात्र तो आद्य पुरुष अब्राहामाशी जोडते. दहा मूलसंख्या आणि हिब्रू वर्णमालेची बावीस अक्षरे मिळून बत्तीस मार्गांनी जग घडले, असे त्यात सांगितले आहे. बावीस अक्षरांचे तीन, सात आणि बारा असे गट पाडून त्यांचा संबंध पंचांगाशी, शरीराच्या अवयवांशी आणि ग्रहराशींशी लावला आहे. साद्या गाओन या पंडिताने इ. स. ९३१ मध्ये त्यावर अरबी भाषेत टीका लिहिली, आणि इ. स. १५६२ मध्ये तो इटलीतील मान्तुआ येथे छापला गेला.

हे दूरदेशीचे उदाहरण वाटेल, पण त्या धर्माचे अनुयायी आपल्या शेजारीच आहेत. पनवेल शहरात बेने इस्राएल समाजाचे ‘बेथ एल’ हे प्रार्थनामंदिर इ. स. १८४९ पासून उभे आहे. कोकणातील हा समाज पिढ्यान्‌पिढ्या मराठी बोलत आला. तेल गाळण्याचा व्यवसाय आणि शनिवारचा विसावा यांमुळे लोक त्यांना ‘शनिवार तेली’ म्हणत. या समाजाची आठवण अशी, की पूर्वज समुद्रातून नौगावच्या किनाऱ्याला लागले तेव्हा त्यांचे ग्रंथ बुडाले, हिब्रू भाषा हळूहळू विस्मृत झाली, आणि ‘शेमा’ हे एकच वचन मुखी उरले. देव एक आहे असे सांगणारे ते वचन. जन्म, विवाह, मृत्यू अशा सर्व प्रसंगी तेच एक वचन म्हणत त्यांनी शतके काढली.

येथे नादवादी म्हणेल, पाहा, अर्थ न कळता केवळ ध्वनीने एक समाज तारला! परंतु थोडे थांबून विचार करावा. त्या लोकांना भाषा येत नव्हती, तरी हे वचन कोणाला उद्देशून आहे हे ते विसरले नव्हते. शिवाय साधन मिळताच त्यांनी काय केले? इ. स. १८४६ मध्ये मुंबईत वल्हांडणाच्या सणाची पोथी हिब्रूसह मराठी भाषांतर देऊन छापली गेली, आणि पुढे कीर्तनाचा मराठी प्रकार स्वीकारून त्यांनी आपल्या धर्मकथा मराठीतून गाइल्या. केवळ ध्वनी पुरेसा असता तर भाषांतराचे प्रयोजनच नव्हते. ध्वनीने वचन जपले हे खरे. परंतु ज्यांनी ते जपले त्यांना अर्थाची तहान होती.

ध्वनीची भौतिक परीक्षा

आजचा नादवादी विज्ञानाचाही आधार घेतो, म्हणून तिकडेही पाहू. जर्मन शास्त्रज्ञ क्लाडनी याने इ. स. १७८७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात एक प्रयोग वर्णिला आहे. धातूच्या पातळ पत्र्यावर बारीक वाळू पसरावी आणि पत्र्याच्या कडेवरून सारंगीच्या गजासारखा गज ओढावा. पत्रा कंप पावतो आणि वाळू आपोआप सुंदर आकृत्यांत मांडली जाते. पुढे स्वित्झर्लंडमधील वैद्य हान्स येनी याने इ. स. १९६७ मध्ये अशा प्रयोगांवर मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला. त्यातील चित्रे दाखवून ‘ध्वनीने आकार घडतो’ असे आज सांगितले जाते.

प्रयोग खरा आहे. परंतु त्याने काय सिद्ध होते? एक तर आकृती कशी उमटेल हे पत्र्याचा आकार, त्याची जाडी, तो कोठे धरला आहे आणि कंपाची गती काय आहे यांवर ठरते. उच्चारलेल्या शब्दाच्या पावित्र्यावर ठरत नाही. त्याच कंपगतीने तोच पत्रा हलविणारा स्वर नामाचा असो, शिवीचा असो वा गाडीच्या भोंग्याचा असो, आकृती तीच उमटते. दुसरे असे, की वाळू साचते ती पत्र्याचा जो भाग हलत नाही तेथे. कंप तिला हुसकावतो आणि ती निश्चल रेषेवर जाऊन विसावते. तिसरे आणि मुख्य असे, की पत्रा, वाळू आणि गज ओढणारा हात ही तिन्ही ध्वनीच्या आधीच तेथे होती. ध्वनीने वाळू निर्माण केली नाही. असलेली वाळू हलविली.

ध्वनीला वाहून नेण्यास वायू, जल अथवा घन पदार्थ लागतो. निर्वात पोकळीत घंटा वाजविली तर नाद कानी येत नाही. जो पदार्थ स्वतः पंचभूतांच्या आधारावाचून क्षणभरही टिकत नाही, तो पंचभूतांचा उत्पादक कसा होणार? नैयायिकांनीही शब्द उत्पन्न होतो आणि नाश पावतो म्हणून तो अनित्यच मानला आहे.

यावर नादवादी म्हणेल, आमचा नाद हा कानाने ऐकावयाचा नव्हे. तो सूक्ष्म आहे, परा वाणी आहे. तसे असेल तर त्याने स्वतःचाच पक्ष सोडला. कारण जो नाद कंठ, तालू, ओष्ठ यांच्या पलीकडचा आहे, तो अमुक अक्षर अमुक संख्येने उच्चारून जीवाच्या हाती कसा येणार?

शास्त्रदृष्टी

आता ब्रह्मविद्येच्या चार पदार्थांनुसार विचार करू. जीव, देवता, प्रपंच आणि परमेश्वर हे चार पदार्थ स्वतंत्र आहेत. प्रपंच अनित्य, देवता नित्यबद्ध, जीव बद्धमुक्त आणि परमेश्वर नित्यमुक्त. ध्वनी हा यांपैकी कोणत्या पदार्थात मोडतो? उघडच प्रपंचात. तो होतो आणि जातो. सृष्टीची रचना परमेश्वराच्या प्रवृत्तीने, मायेच्या द्वारा होते असा आपला सिद्धान्त आहे. तेव्हा प्रपंचातील एक कार्य संपूर्ण प्रपंचाचे कारण ठरू शकत नाही.

मग मंत्राला काहीच फळ नाही काय? शास्त्र असे म्हणत नाही. मंत्रांना फळ आहे, परंतु ते देवतेचे आहे. कर्मभूमीच्या देवतांपासून मायेपर्यंत नऊ थरांच्या, एक्याऐंशी कोटी सव्वा लाख दहा देवता शास्त्राने गणिल्या आहेत. त्या आपापल्या मर्यादेत आपापले फळ देतात. फळाची मर्यादा देवतेच्या मर्यादेइतकी. म्हणजे मंत्राच्या बाबतीतही देणारा कोणी आहे, ध्वनी केवळ निमित्त आहे. आणि देणारा स्वतः नित्यबद्ध असल्यामुळे त्याच्याकडून मोक्ष मिळत नाही. अन्यव्यावृत्तीचा विचार करताना हे ध्यानी ठेवावे : मंत्राचे फळ खोटे आहे म्हणून तो वर्ज्य ठरत नाही. फळ अपुरे आहे, आणि त्या फळात जीव गुंततो, म्हणून तो वर्ज्य ठरतो.

इन्द्रशत्रूच्या कथेचाही उलगडा येथेच होतो. तेथे स्वर बदलला म्हणून पदाचा समास बदलला, आणि समास बदलला म्हणून अर्थ बदलला. ‘इंद्राचा मारक’ हा अर्थ जाऊन ‘इंद्र ज्याचा मारक’ हा अर्थ झाला. फळ उलटले ते अर्थ उलटल्यामुळे. म्हणजे नादवाद्याने दिलेले उदाहरणच अर्थाच्या बाजूने साक्ष देते.

मराठीचा स्वीकार आणि सकळ लिपी

सामर्थ्य विशिष्ट ध्वनीतच असते, तर ब्रह्मविद्येसाठी भाषेची निवड करण्यास वावच उरला नसता. सर्वज्ञ श्रीचक्रधर स्वामी गुजरातेतून आले. संस्कृत पंडितांचा मान तेव्हा मोठा होता. असे असता स्वामींनी निरूपण केले ते मराठीत, आणि ज्यांच्यासमोर केले त्यांत स्त्रिया होत्या, अल्पशिक्षित होते, नाना जातींचे लोक होते. पुढे केशिराजबासांसारख्या पंडिताने संस्कृतातून प्रश्न केला तेव्हा आचार्य श्रीनागदेवांनी त्यांना मराठीतच विचारण्यास सांगितले. आणि शास्त्र संस्कृतात रचण्याचा विचार निघाला तेव्हा आपल्या म्हाताऱ्या बाया त्यास मुकतील म्हणून तो थांबविला. हा स्मृतिस्थळातील प्रसंग वाचकांना परिचित आहे. त्याचा या विषयाशी असलेला संबंध मात्र पुष्कळदा लक्षात येत नाही. आचार्यांनी म्हाताऱ्यांची काळजी केली याचा अर्थ असा, की ब्रह्मविद्या ही कळण्याची वस्तू आहे. ती नुसती कानावर पडून भागत असते, तर म्हाताऱ्यांना संस्कृतही चालले असते.

दुसरी साक्ष सकळ लिपीची. ही लिपी रवळोबासांनी प्रचारात आणली. तिच्यात एका अक्षराच्या जागी दुसरे अक्षर येते. ज्याला संकेत ठाऊक नाही त्याने ती पोथी जशी दिसते तशी मोठ्याने वाचली, तर मुखातून निरर्थक ध्वनी निघतील. विसाव्या शतकाच्या आरंभी इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांनी तिची उकल करीपर्यंत बाहेरच्या अभ्यासकांची अशीच अवस्था होती. सामर्थ्य अक्षराच्या नादात आहे अशी आपल्या पूर्वजांची श्रद्धा असती, तर त्यांनी पवित्र वचनांची अक्षरे अशी अदलाबदल करून लिहिली नसती. अक्षर हे अर्थाचे पात्र आहे, आणि पात्र बदलले तरी आतील वस्तू तीच राहते, हे त्यांना पक्के ठाऊक होते.

आज मराठीच्या इतिहासात या वाङ्मयाचे स्थान सर्वमान्य झाले आहे. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्र सरकारने मराठीस अभिजात भाषेचा दर्जा दिला, आणि जेथे म्हाइंभटांनी लीळा लिहिल्या त्या ऋद्धिपूर येथेच मराठी भाषा विद्यापीठ स्थापन झाले आहे. हा आनंदाचा विषय खराच. परंतु भाषेचा गौरव होत असताना, ती भाषा का निवडली गेली याचे कारण साधकाने विसरू नये.

शंका-समाधान

शंका : अर्थच मुख्य असेल तर सूत्राचा एक शब्दही इकडचा तिकडे करू नये, असा आग्रह आपल्या परंपरेत का?

समाधान : कारण वचन वक्त्याचे आहे, आपले नाही. साक्षीदाराने साक्ष जशीच्या तशी द्यावी लागते. ती बदलली तर ध्वनी बिघडतो म्हणून नव्हे. ती बदलली तर बोलणाऱ्याऐवजी साक्षीदारच बोलू लागतो म्हणून. म्हाइंभटांनी गावोगाव हिंडून, ज्याने लीळा पाहिली वा ऐकली त्याला विचारून लीळा मिळविल्या. परंपरा सांगते, की पुढे परचक्राच्या धामधुमीत मूळ पोथी नष्ट झाली, तेव्हा हिराइसा आदींच्या मुखपाठावरून लीळा पुन्हा लिहिल्या गेल्या. त्या वेळी जेथे आठवणीत भेद आढळला, तेथे त्या थोर लोकांनी एक पाठ लपवून दुसरा मिरविला नाही. ‘वासना’ म्हणून दोन्ही पाठ नोंदविले. ध्वनिमंत्राच्या बाबतीत हे संभवत नाही. मंत्राचे एक अक्षर फिरले की मांत्रिक तो निष्फळ मानतो. आपण मात्र पाठभेदासह लीळा वाचतो आणि तिचे स्मरण करतो.

शंका : सूत्र आणि मंत्र यांतील भेद थोडक्यात कसा ओळखावा?

समाधान : मंत्राला प्रकरण लागत नाही, सूत्राला लागते. मंत्र कोणी, कोणाला, कोणत्या प्रसंगी सांगितला हे न जाणताही मांत्रिक त्याचा प्रयोग करतो. सूत्राविषयी मात्र आपली परंपरा पहिला प्रश्न हाच विचारते : हे वचन कोणाप्रती निरूपिले? कोठे? कोणत्या निमित्ताने? त्यासाठीच ‘प्रकरणवश’ रचले गेले, आणि त्यासाठीच दृष्टान्तापुढे दार्ष्टान्तिक येते. प्रसंग सोडून नुसती अक्षरे घोकणारा साधक सूत्राचा मंत्र करून टाकतो. परीक्षेत यश यावे, व्यवहार फळावा म्हणून सूत्रांची आवर्तने करणे हा त्याच चुकीचा पुढचा टप्पा होय.

शंका : मग नामाचा उच्चार व्यर्थ काय?

समाधान : मुळीच नव्हे. पनवेल हे आयुर्वेदीय औषधांसाठीही प्रसिद्ध गाव आहे. तेथील धूतपापेश्वर कारखाना इ. स. १८७२ पासूनचा आहे. त्यावरूनच एक दृष्टान्त घेऊ. पित्ताने त्रासलेल्या मनुष्याने घरात बसून ‘सूतशेखर, सूतशेखर’ असे शंभर वेळा म्हटले, तर त्याचे पित्त शमणार नाही. परंतु तेच नाव त्याने वैद्यापाशी जाऊन उच्चारले, तर वैद्य ऐकतो, प्रकृती पाहतो आणि योग्य ते औषध देतो. नाव तेच, पहिल्या वेळी ते ऐकणारा कोणी नव्हता, दुसऱ्या वेळी होता. जीभ जड असल्यामुळे तो नाव अडखळत बोलला, तरी वैद्य समजून घेतो. वाचाच नसेल आणि त्याने पोटावर हात ठेवून नुसते वैद्याकडे पाहिले, तरीही वैद्य समजून घेतो.

दार्ष्टान्तिक असे : परमेश्वराचे नाम फळते ते त्याच्या ध्वनीमुळे नव्हे, तर ज्याचे ते नाम आहे तो चैतन्यघन आणि कृपाळू आहे म्हणून. ध्वनी जड आहे. तो कोणाला ओळखत नाही, कोणावर कृपाही करीत नाही. वस्तू घडविणारा निर्विकार नाद मानला, तर जीवाला हाक मारण्यास कोणी उरतच नाही. उरते ते केवळ एक यंत्र, ज्याची कळ बरोबर दाबता आली पाहिजे. जीवाचे दुःख असे, की त्याला यंत्र नको आहे. त्याला सोडविणारा हवा आहे.

उपसंहार

म्हणूनच आपल्या शास्त्राने स्मरणाचे एकच अंग सांगितले नाही. नाम, लीळा, मूर्ती आणि चेष्टा अशी चार अंगे सांगितली आहेत. यांपैकी नाम तेवढे वाणीने घेता येते. लीळा, मूर्ती आणि चेष्टा यांचे स्मरण मनानेच करावयाचे असते. तेथे ध्वनीचा प्रवेशच नाही. ज्याची वाचा गेली आहे त्याला श्रीमूर्ती आठवता येते, एखादी लीळा डोळ्यांपुढे आणता येते, स्वामी कसे चालले, कसे बसले हे आठवता येते. आणि नामही मनात घेता येतेच. अशा मनुष्याच्या उशाशी बसणाऱ्या वासनिकाने त्याच्याकडून नामाचा उच्चार करवून घेण्याचा हट्ट धरून त्याला कष्ट देऊ नयेत. त्याला परिचित असलेली एखादी लीळा शांतपणे, समजेल अशा मराठीत वाचून दाखवावी. ऐकणारा आत ऐकतो, आणि ज्याचे स्मरण चालले आहे तोही ते जाणतो.

ज्ञानाचे शब्द, अपरोक्ष, सामान्य आणि विशेष असे जे प्रकार शास्त्राने सांगितले, त्यांतही शब्दज्ञान हे एकटे नाही. शब्दाने वाट कळते. पुढचे देणे परमेश्वराच्या अधीन आहे. साधकाने शब्दाला त्याच्या योग्यतेइतका मान द्यावा : पाठ शुद्ध राखावा, प्रकरण विचारावे, अर्थ समजून घ्यावा, आणि मग निश्चिंत मनाने स्मरण करावे. उच्चार अडखळला म्हणून भिऊ नये, आणि उच्चार साधला म्हणून काही हस्तगत झाले असेही मानू नये.

अभ्यासासाठी साधकांनी पुढील तीन प्रश्नांचा आपापल्या ठिकाणी विचार करावा. आपण नित्य म्हणतो त्या सूत्रांपैकी किती सूत्रांचे प्रकरण आपल्याला सांगता येते? स्मरणाच्या चार अंगांपैकी नामाखेरीज इतर तीन अंगांना आपण दिवसाचा किती वेळ देतो? आणि आपल्या आश्रमात अथवा घरात वाचा नसलेला, ऐकू न येणारा वा अक्षरओळख नसलेला जो कोणी आहे, त्याच्यापर्यंत ब्रह्मविद्या पोहोचविण्यासाठी आपण काय केले?

आचार्यांनी म्हाताऱ्यांचा विचार करून भाषा राखली. तो विचार पुढे चालविणे आता आपल्याकडे आहे.

सर्व साधक-वासनिकांस दंडवत प्रणाम.